सरखेल म्हणजे ॲडमिरल? मराठा आरमारातल्या पदांविषयी

खाडीकाठ (कोपरी, ठाणे पूर्व)

'सरखेल म्हणजे मराठा आरमाराचा ॲडमिरल' हे वाक्य आपण सगळेच लहानपणापासून ऐकत आलो आहोत. माझं म्हणणं असं की या एका वाक्यामुळे कान्होजी आंगऱ्यांचं निम्मं काम झाकलं जातं. आमच्या सोसायटीतली मुलं यंदा दिवाळीच्या किल्ल्याला खांदेरी (अलिबागजवळचा बेटावरचा किल्ला) करणार आहेत आणि पाट्यांचा मजकूर माझ्याकडे आलाय, त्यामुळे विषय डोक्यात घोळतोय.

आधी शब्द कुठून आला ते. 'सर' म्हणजे प्रमुख आणि 'खेल' म्हणजे स्वारांची तुकडी. मूळ अरबीत खैल म्हणजे घोडे. म्हणजे शब्द पक्का जमिनीवरचा, घोडदळातला. दिल्ली सुलतानीचा इतिहासकार बरनी फौजेची उतरंड देतो ती अशी: दहा चांगल्या स्वारांवर एक सरखेल, दहा सरखेलांवर सिपहसालार, दहा सिपहसालारांवर अमीर, त्यावर मलिक आणि सगळ्यात वर खान. या उतरंडीत सरखेल अगदी तळाला. पुढे गोवळकोंड्याच्या कुतुबशाहीत मात्र तेच नाव राज्याच्या बड्या अधिकाऱ्याचं झालं, मीर जुमला तिथे सरखेल होता. आणि अठराव्या शतकात कोकणात सरखेल म्हटलं की डोळ्यांसमोर घोडा येतच नाही, समुद्र येतो.

आता त्या पदात काय काय होतं ते पाहा. बाळाजी विश्वनाथांनी १७१३ च्या सुमारास कान्होजींना शाहू महाराजांच्या बाजूला वळवलं. त्या बोलणीत दहा किल्ले, सोळा लहान ठाणी, त्यांच्याखालची गावं आणि आरमाराची सत्ता हे सगळं सरखेल या पदासकट कान्होजींकडे राहिलं. किल्ले आणि गावं त्यात आहेत हे महत्त्वाचं. किल्ल्याच्या आडोशाला बंदर, बंदरावर जकात, जकातीतून खलाशांचं पोट आणि नव्या जहाजाचं लाकूड, असं ते एकात एक गुंतलेलं आहे. यातलं एक काढलं तर बाकीचं उभं राहत नाही.

शिवाय दस्तक. या किनाऱ्यावरून जाणाऱ्या व्यापारी जहाजाने सरखेलाचा परवाना घ्यायचा, नाही घेतला तर जहाज पकडलं जाणार. पोर्तुगीज त्याआधी दोनशे वर्षं कार्ताझ नावाचा परवाना देऊन हेच करत होते आणि त्याला कोणी चाचेगिरी म्हणत नव्हतं. कान्होजींनी तोच हक्क सांगितला तेव्हा मात्र इंग्रजांनी त्यांना चाचा ठरवलं. १७१७ ला विजयदुर्ग, १७१८ ला खांदेरी आणि १७२१ ला पोर्तुगीजांना सोबत घेऊन कुलाबा (अलिबागचा किल्ला), अशा तीन मोहिमा इंग्रजांनी काढल्या. तिन्ही फसल्या.

ॲडमिरल हा राजाचा नोकर. त्याला जहाजं मिळतात, हुकूम मिळतो, तो लढतो, परत येतो. परवाने कोणी द्यायचे, जकात कोणी घ्यायची, बंदर कोणाचं, हे त्याच्या अखत्यारीतलं नाही. मग पाटीवर ॲडमिरल लिहिलं की मुलाला फक्त लढाई कळते, समुद्रावरचं राज्य कळत नाही.

४ डिसेंबर २०२३ ला सिंधुदुर्गावर नौदल दिन झाला. नौदलातल्या पदांना भारतीय परंपरेप्रमाणे नावं देणार, अशी घोषणा पंतप्रधानांनी तिथे केली. तेव्हापासून 'ॲडमिरलला सरखेल म्हणा' अशी सूचना बऱ्याच ठिकाणी वाचतो आहे. नौदलातले लोक, मोडी वाचणारे आणि आपले कोळी बांधव, सगळ्यांनी कृपया लिहा.

सुमेधा_नेरूळ

मी प्राथमिकला इतिहास शिकवते, म्हणून थोडी वेगळी बाजू. मुलाला नवी गोष्ट द्यायची तर त्याच्या ओळखीच्या गोष्टीला बांधूनच द्यावी लागते. 'सरखेल' म्हटल्यावर वर्ग कोरा चेहरा करून बसतो. 'नौदलाचा ॲडमिरल असतो ना, तसे' म्हटलं की मुलं सावरून बसतात आणि पुढचं ऐकतात. तुमचं सगळं मान्य करूनही मी पहिल्या दिवशी ॲडमिरलच म्हणेन. दुसऱ्या दिवशी दस्तक शिकवेन.

पाटी हा पहिला दिवस आहे की दुसरा, ते ठरवा.

मोडीवाचक (नौपाडा)

धागा फार आवडला. थोडी भर.

ॲडमिरल हा शब्दही मुळात अरबी 'अमीर'पासूनच युरोपात गेला. बरनीच्या उतरंडीतला वरचा अमीर आणि तळाचा सरखेल असे दोघंही शेवटी समुद्रावर पोचले, एक भूमध्य समुद्राकडून आणि दुसरा दख्खनकडून.

पण मूळ अर्थापेक्षा मला १७३५ सालचा प्रसंग जास्त बोलका वाटतो. कान्होजी १७२९ ला वारले, त्यांचा मुलगा सेखोजी १७३३ ला. मग सेखोजींचे भाऊ संभाजी आणि मानाजी आंगरे यांच्यात तंटा लागला. बाजीरावांनी तो मिटवला तो दौलत विभागून. संभाजींना सुवर्णदुर्ग आणि सरखेल हे पद, मानाजींना कुलाबा आणि 'वजारतमाब' हा किताब. एका आरमाराचे दोन धनी झाले. आता मला सांगा, नौदलातला हुद्दा असा भावाभावांत वाटून देता येतो का? इथे वाटणी झाली कारण त्या पदामागे किल्ले होते, मुलूख होता, उत्पन्न होतं. खाडीकाठ म्हणतात त्याचा यापेक्षा मोठा पुरावा नको.

या वाटणीने आरमाराचं काय झालं ते सगळ्यांना ठाऊक आहे. संभाजींच्या मागे त्यांचे भाऊ तुळाजी आले, पेशव्यांशी त्यांचं बिनसलं, आणि फेब्रुवारी १७५६ मध्ये विजयदुर्गाच्या बंदरात इंग्रज ॲडमिरल वॉटसनच्या तोफांनी आंगऱ्यांचं आरमार जळालं. पेशवे त्या मोहिमेत इंग्रजांच्या बाजूला होते. हे लिहिताना आजही हात जड होतो.

रोहा_ते_ठाणे

+१. वाचतोय.

पश्चिम_ताफा (खारघर)

नौदलात नोकरी केली, आता निवृत्त. वर एक गोष्ट सुटली आहे ती सांगतो, म्हणजे तुलना नीट होईल.

आमच्याकडे हुद्दा वेगळा आणि नेमणूक वेगळी. व्हाइस ॲडमिरल हा हुद्दा, पश्चिम नौदल कमांडचे प्रमुख ही नेमणूक. पश्चिम ताफ्याचे प्रमुख रिअर ॲडमिरल असतात. नुसता 'ॲडमिरल' म्हणजे चार ताऱ्यांचा अधिकारी, तो एरवी एकच, नौदलप्रमुख. नेमणूक बदलते, अधिकारी दिल्लीला जातो किंवा विशाखापट्टणमला, हुद्दा त्याच्या खांद्यावर सोबत जातो.

सरखेलाच्या बाबतीत या दोन गोष्टी वेगळ्या करताच येत नाहीत. कान्होजींना सुवर्णदुर्गाहून उचलून दुसऱ्या किनाऱ्यावर 'सरखेल' म्हणून बदली देता आली नसती. त्यामुळे हुद्द्याचं नाव म्हणून सरखेल घ्यायला माझा विरोध आहे. नेमणुकीचं नाव म्हणून, म्हणजे पश्चिम किनाऱ्याच्या प्रमुखासाठी, ते शोभेल. विरोध अनादराने नाही. कान्होजींचा मान आमच्याकडे मोठा आहे. मुंबईत आयएनएस आंग्रे आहे. ते जहाज नसून किनाऱ्यावरचा तळ आहे आणि ते मला नेहमीच योग्य वाटत आलं, कारण त्यांची ताकद किनारा धरून ठेवण्यात होती.

'रिअर' विषयी अनेकजण विचारतात म्हणून लिहितो. शिडांच्या काळात ताफ्याचे तीन भाग असत. मधल्या भागात स्वतः ॲडमिरल, आघाडीला त्याचा दुय्यम म्हणजे व्हाइस ॲडमिरल, आणि पिछाडीला रिअर ॲडमिरल. आज ताफे तसे चालत नाहीत, नाव राहिलं. तेव्हा नावं मूळ कामापासून सुटतात ही गोष्ट नवी नाही, सुमेधाताईंचं त्या अर्थी बरोबर आहे.

खाडीकाठ

@पश्चिम_ताफा, हुद्दा आणि नेमणूक हा फरक मला सुचला नव्हता, आणि त्याने प्रश्न बराच मोकळा झाला. खूप आभार.

@सुमेधा_नेरूळ, पाटी हा मुलांचा एकमेव दिवस असतो हो. किल्ला पाहायला येणारा मिनिटभर थांबतो आणि पुढच्या सोसायटीच्या किल्ल्याकडे जातो. म्हणून असं लिहितोय: 'सरखेल कान्होजी आंगरे. कोकणचे किल्ले, बंदरे आणि आरमार यांचे प्रमुख. यांच्या परवान्याशिवाय या समुद्रात व्यापारी जहाज चालत नसे.' तीन ओळी. चालेल?

सुमेधा_नेरूळ

चालेल. 'परवान्याशिवाय' या शब्दावर मुलं नक्की थांबतील, गाडीचं लायसन त्यांना माहीत असतं.

दिवाळे_बंदर (दिवाळे कोळीवाडा, बेलापूर)

सरखेल वरचा माणूस. पण त्या गुराबांवर, म्हणजे लढाऊ जहाजांवर, वल्हं मारणारी, शीड ओढणारी, रात्री अंधारात खडक चुकवून होडी नेणारी माणसं आमचे कोळी, भंडारी, खारवी. त्यांची पदं कोणी लिहीत नाही म्हणून मी लिहितो.

आमच्याकडे होडीचा मालक नाखवा, होडी चालवणारा तांडेल, बाकी खलाशी. समुद्रात तांडेलाचा शब्द शेवटचा. मालक स्वतः होडीत असला तरी जाळं कुठे टाकायचं, कधी परतायचं, हे तांडेल ठरवतो. तांडेल हे आडनाव झालंय ते त्यामुळेच.

पण इंग्रजांच्या मोठ्या बोटींवर उतरंड उलटी. तिथे वर सारंग, त्याच्या हाताखाली तांडेल, मग सुकाणी, मग खलाशी. माझे आजोबा बोटीवर होते, ते घरी आले की तांडेल आणि बोटीवर गेले की सारंगाच्या हाताखालचे. आजही खाडीत चालणाऱ्या लाँचवर सारंगाचं सर्टिफिकेट लागतं, परीक्षा असते त्याची.

आणि शिवाजी महाराजांच्या आरमारातला 'दर्यासारंग' हा त्याच सारंगाचा थोरला. मायनाक भंडारी आणि दर्यासारंग ही जोडी सगळ्यांना माहीत आहे. म्हणजे एकच शब्द एकदा आरमाराच्या सुभेदाराला आणि एकदा लाँचच्या चालकाला. सरखेलाचा शब्द वर चढत गेला, आमच्या सारंगाचा खाली उतरत आला. पण तो अजून कामावर आहे. सरखेल कागदात राहिला. सारंग सकाळी सहाला जेट्टीवर हजर असतो. मला याचा अभिमान आहे आणि तो मी लपवत नाही.

मोडीवाचक

@दिवाळे_बंदर, अप्रतिम प्रतिसाद. सारंग हा फारसी 'सरहंग'वरून, तोही मूळचा सैन्याधिकारीच.

घोडबंदर_रोड

गुराब आणि गलबत यात फरक काय? पुस्तकात दोन्ही एका दमात येतात. आणि इंग्रजांची जहाजं मोठी असताना ही लहान जहाजं त्यांना भारी कशी पडली?

शीड_आणि_सुकाणू (ऐरोली)

या प्रश्नाची वाटच पाहत होतो. जरा सविस्तर लिहितो.

गुराब म्हणजे लढाऊ शिडाचं जहाज. अरबीत घुराब म्हणजे कावळा, इंग्रजांनी त्याचं 'ग्रॅब' केलं. दोन डोलकाठ्यांची गुराब साधारण दीडशे टनांची, तीन डोलकाठ्यांची तीनशेपर्यंत. लांबीच्या मानाने रुंद, तळ उथळ, पाणी फार कमी लागतं. पुढचा भाग निमुळता होत नाळ, म्हणजे जहाजाचं नाक, लांब बाहेर आलेली. त्या नाळेला कठडे नसत, उघडीच असे, कारण समोरून लाट आली की नाक पाण्यात घुसायचं आणि ते पाणी तसंच वाहून जायला हवं. आणि खरी गोष्ट ही की त्या नाळेच्या मागच्या भिंतीला भोकं पाडून दोन जड तोफा समोर तोंड करून बसवलेल्या असत, नऊ किंवा बारा पौंडी गोळ्याच्या. बाजूच्या तोफा त्याहून हलक्या, सहा ते नऊ पौंडी.

गलबत त्याच घडणीचं पण लहान, मोठ्यात मोठं सत्तर टनांचं. दोन काठ्या, मोठ्या काठीवर एक मोठं त्रिकोणी शीड, आणि चाळीस-पन्नास वल्ही. वारा पडला तरी तासाला चार मैल जाऊ शकेल असं. मोठ्या गलबतावर दोन ते चार पौंडी सहा-आठ तोफा, लहानांवर नुसत्या फिरत्या बैठकीवरच्या छोट्या तोफा.

हे अठराव्या शतकातल्या रॉबर्ट ऑर्म या इंग्रजाने लिहून ठेवलंय. शत्रूने लिहिलेलं असल्याने मला ते जास्त भरवशाचं वाटतं.

आता डाव. युरोपी जहाजाची सगळी ताकद त्याच्या दोन कुशींत, तिथे तोफांची रांग. मागच्या बाजूला जवळजवळ काही नाही. आंगऱ्यांची आठ-दहा गुराबा आणि चाळीस-पन्नास गलबतं एकत्र निघत. वारा नसला तर गलबतं वल्ही मारत गुराबांना ओढून नेत आणि शत्रूच्या पाठीमागे आणून सोडत. तिथून समोरच्या जड तोफा डोलकाठ्यांवर आणि शिडांवर चालत. परबाण (शिडाचा आडवा वासा) तुटलं, शीड पडलं की ते मोठं जहाज जागच्या जागी खिळलं. मग गलबतं चहूबाजूंनी भिडत आणि शेकडो माणसं तलवार घेऊन वर चढत. जहाज बुडवायचं नाही, धरायचं. माल मिळतो, तोफा मिळतात, जहाजही मिळतं.

याची चुणूक कान्होजींच्याही आधी खांदेरीला दिसली होती. १६७९ च्या पावसाळ्याअखेर शिवाजी महाराजांनी बेटावर बांधकाम सुरू केलं. इंग्रजांनी रिव्हेंज आणि इतर जहाजांनी वेढा घातला. १८ ऑक्टोबरला मराठ्यांची गलबतं बाहेर पडली, डव्ह नावाचं इंग्रज जहाज धरलं. रिव्हेंज लढून टिकलं. पण लढाईपेक्षा मोठं काम रात्री चाललं होतं. होड्या उथळ पाण्यातून अंधारात रसद घेऊन बेटावर जात राहिल्या आणि खोल तळाची इंग्रज जहाजं बघत राहिली. तट उभा राहिलाच.

ओहोटीच्या वेळी ऐरोलीच्या पुलावरून खाली बघा, चिखलाचे पट्टे आणि मधून पाण्याची चिंचोळी वाट. या किनाऱ्याच्या सगळ्या खाड्या थोड्याफार अशाच. गाळ तेव्हा कमी असेल, पण भरती, ओहोटी, भांग (लहान भरती) आणि उधाण तेच. इथे उथळ तळाचं जहाज हेच शस्त्र.

घोडबंदर_रोड

फारच सुंदर उत्तर. मग कल्याण-भिवंडीला जहाजं बांधली म्हणतात ती बाहेर कुठून काढली? खाडीच्या तोंडाशी तर पोर्तुगीज.

खाडीकाठ

हा आपल्या ठाणेकरांचा प्रश्न! १६५७ च्या ऑक्टोबरात कल्याण-भिवंडी स्वराज्यात आलं आणि लगेच पुढच्या काळात तिथे जहाजं बांधायला सुरुवात झाली. उल्हास नदी कल्याणहून खाली येते आणि ठाण्याजवळ तिला दोन वाटा. एक घोडबंदरवरून वसईच्या खाडीने समुद्राला, दुसरी ठाणे-कळव्यावरून मुंबईच्या बंदराकडे. वसई पोर्तुगीजांची, ठाणेही पोर्तुगीजांचं. म्हणजे जहाज पाण्यात सोडलं तरी पोर्तुगीजांच्या नाकासमोरून गेल्याशिवाय समुद्र नाही.

त्यामुळे 'सिद्दीविरुद्ध बांधतोय' असं सांगून काम चाललं होतं. कारागिरांत पोर्तुगीजही होते. रुई लैताव व्हिएगस हा त्यांचा मुख्य. १६५९ मध्ये वसईच्या पोर्तुगीज अधिकाऱ्यांनी त्याला आणि त्याच्या माणसांना काम सोडायला लावलं. काम आपल्या माणसांनी पुढे नेलं. या सुरुवातीला सरखेल नाही, ॲडमिरल नाही, फक्त सुतार, लोहार आणि लाकूड आहे, हे मला फार मोलाचं वाटतं. ठाणं स्वतः मराठ्यांकडे यायला १७३७ उजाडलं, चिमाजी आप्पांच्या मोहिमेत.

सुमेधा_नेरूळ

लाकडावरून आठवलं. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात आरमाराचं प्रकरण आहे. जहाजासाठी आंबा-फणसाची झाडं तोडू नका असं त्यात बजावलंय, कारण रयतेने ती लेकरांसारखी वाढवलेली असतात. सातवीच्या मुलींना हे वाचून दाखवलं तेव्हा वर्ग एकदम शांत झाला. आरमाराच्या धड्यात रयतेची झाडं येतात, असं राज्य होतं ते.

मोडीवाचक

त्याच प्रकरणात रचनाही आहे: पाच गुराबा आणि पंधरा गलबतं मिळून एक सुभा, आणि सगळ्यांवर एक सरसुभा. खर्चाची नेमणूक ठरलेली असावी, व्यापाऱ्यांना त्रास देऊन पोट भरू नये, असंही. म्हणजे कागदावरची कल्पना पगारी, हिशेबी आरमाराची होती. ती कल्पना सरखेलाच्या किनाऱ्यावर उतरली नाही. उतरली ती १७५६ नंतर, पेशव्यांच्या विजयदुर्गाच्या सुभ्यात. तिथले आनंदराव धुळप हे 'सुभेदार आरमार'. त्यांनी ८ एप्रिल १७८३ ला इंग्रजांचं रेंजर हे जहाज पकडलं, कान्होजींच्या तोडीचा पराक्रम. पण ते नेमलेले अधिकारी, हिशेब पुण्याला, जहाजं सरकारची. ॲडमिरल या शब्दाच्या जवळ कोणी जात असेल तर ते धुळप, आंगरे नव्हे.

पश्चिम_ताफा

हे पटलं. मग हुद्द्यासाठी नाव शोधायचं तर सुभेदाराच्या बाजूने शोधावं. अडचण एवढीच की भूदलात सुभेदार हा आधीपासून कनिष्ठ कमिशनचा हुद्दा आहे, तिथे गोंधळ होईल. सरसुभेदार मोकळा आहे.

मोडीवाचक

सरसुभेदार चालेल, पण तो मुलकी कारभारातही होता, वसईला सरसुभा होताच. 'सरसुभेदार आरमार' असं पूर्ण लिहावं लागेल. आणि खाडीकाठ, तुमच्या किल्ल्यात जागा असली तरी विजयदुर्ग खांदेरीला जोडू नका. १७५६ च्या आधीचा विजयदुर्ग आंगऱ्यांचा, नंतरचा पेशव्यांचा. पाटीवर साल घातलं नाही तर धुळप सरखेल होऊन बसतील.